चौकशीच्या सावटात बदली: अधिकारी एकच, आदेश दोन, निकाल दोन

बदली ही शिक्षा नाही, हे वाक्य बदलीच्या खटल्यात दोन्ही बाजूंकडून ऐकू येते. सरकारी पक्ष म्हणतो, शिक्षा नाही म्हणून सुनावणी लागत नाही, पुरावा लागत नाही. बदली हा नोकरीचाच भाग आहे. अर्जदार म्हणतो, शिक्षा नाही म्हणूनच ती शिक्षेसारखी वापरता येत नाही. दोघांचेही बरोबर आहे. पारडे कुठे झुकेल हे ठरते ते एका नस्तीतल्या (सरकारी फायलीतल्या) तीन-चार तारखांवरून आणि टिपणीतल्या एखाद्या परिच्छेदावरून.

खालचा अधिकारी, त्याचा तालुका, त्याची नस्ती आणि त्याच्या अर्जांवरचे निकाल अभ्यासासाठी रचलेले आहेत. कायद्याची कलमे, शासनाचे परिपत्रक आणि नावानिशी दिलेले न्यायनिर्णय मात्र खरे आहेत. प्रकरण मुद्दाम असे घेतले आहे की अधिकारी धुतल्या तांदळासारखा नाही. निर्दोष माणसाची बदली रद्द झाली तर त्यातून कायदा फारसा कळत नाही.

प्रकरण

अर्जदार तालुका कृषी अधिकारी, गट-ब. मराठवाड्यातल्या एका तालुक्यात ३ जूनला रुजू झाला. पुढच्या वर्षी ५ जुलैला स्थानिक लोकप्रतिनिधीचे पत्र कृषिमंत्र्यांच्या कार्यालयात आले. ठिबक सिंचनाच्या अनुदानात गैरप्रकार होत आहेत, अधिकाऱ्याची तत्काळ बदली करावी, असा मजकूर. सोबत ११ शेतकऱ्यांच्या सह्यांचा तक्रार अर्ज. आयुक्तालयामार्फत जिल्हा अधीक्षक कृषी अधिकाऱ्याकडून अहवाल मागवला गेला. त्याने ४० प्रकरणे काढून मोका तपासणी केली. ६ प्रकरणांत देयकातले क्षेत्र आणि शेतावर प्रत्यक्ष बसवलेल्या संचाचे क्षेत्र जुळत नव्हते. २२ जुलैच्या अहवालात त्याने लिहिले: प्रथमदर्शनी पर्यवेक्षणात कसूर दिसते, विभागीय चौकशी प्रस्तावित करावी. बदलीबद्दल अहवालात एक अक्षर नाही.

१२ ऑगस्टला मंत्रालयातल्या कार्यासनाने (हा विषय हाताळणाऱ्या शाखेने) टिपणी सादर केली. तीत लोकप्रतिनिधीच्या पत्राचा उल्लेख होता, जिल्ह्याच्या अहवालाचा एका ओळीत उल्लेख होता आणि शेवटी ‘प्रशासकीय कारणास्तव बदली प्रस्तावित’ असे होते. १४ ऑगस्टला मंत्र्यांनी ‘मान्य’ लिहून सही केली. सचिवांचा अभिप्राय टिपणीत नाही. नागरी सेवा मंडळाची, म्हणजे बदल्यांची शिफारस करणाऱ्या अधिकाऱ्यांच्या समितीची, बैठक नाही. १८ ऑगस्टला आदेश निघाला: कोकण विभागात तंत्र अधिकारी या अकार्यकारी पदावर बदली, बदल्यांच्या अधिनियमाचे कलम ४(४)(दोन) व ४(५) अन्वये. १९ ऑगस्टला अर्जदार दौऱ्यावर असताना एकतर्फी कार्यमुक्ती झाली आणि दुपारनंतर नव्या अधिकाऱ्याने कार्यभार घेतला. मुख्यमंत्र्यांची मान्यता नस्तीवर आली ती २७ ऑगस्टला.

आणखी एक कागद त्याच नस्तीत खाली दडलेला होता. जागेवर आलेल्या अधिकाऱ्याचा विनंती अर्ज: ‘याच तालुक्यात पदस्थापना मिळावी.’ तारीख २८ जून. म्हणजे तक्रार येण्याच्या सात दिवस आधी, जागा रिकामी नसताना. शिफारस त्याच लोकप्रतिनिधीची.

कायदा काय मागतो

महाराष्ट्रात शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन करणारा २००५ चा अधिनियम १ जुलै २००६ पासून लागू आहे. कलम ३ प्रमाणे एका पदावरचा सर्वसाधारण कालावधी ३ वर्षे. कलम ४(४) प्रमाणे बदल्या वर्षातून एकदा, एप्रिल किंवा मे महिन्यात. या दोन वेगवेगळ्या कुंपणांचा घोळ कर्मचारीही घालतात आणि कार्यासनेही. ऑगस्टमधली बदली मध्यावधी आहे. तिला कलम ४(४) च्या परंतुकातला (कलमाला जोडलेल्या ‘परंतु’च्या अटीतला) अपवाद लागतो, म्हणजे अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारण, ते लेखी नोंदवलेले, आणि लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता. साडेचौदा महिन्यांत झालेली बदली मुदतपूर्व आहे. तिला कलम ४(५) लागते, म्हणजे विशेष प्रकरण, लेखी कारणे आणि कलम ६ च्या तक्त्यातल्या लगतच्या वरिष्ठ बदली प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता. आपल्या अर्जदाराची बदली मध्यावधीही आहे आणि मुदतपूर्वही. दोन्ही कलमांचे आकडे आदेशात टाकले म्हणजे दोन्ही अटी पुऱ्या होतात असे नाही.

गट-ब अधिकाऱ्यासाठी बदली प्राधिकारी कोण? संबंधित खात्याचे मंत्री, पण विभागाच्या सचिवांशी विचारविनिमय करून. लगतचे वरिष्ठ बदली प्राधिकारी मुख्यमंत्री. तेव्हा इथे नस्तीवर किमान तीन खुणा दिसायला हव्यात: सचिवांचा अभिप्राय, मंत्र्यांचा निर्णय, आणि आदेशाच्या तारखेआधीची मुख्यमंत्र्यांची मान्यता. ‘पूर्व’ हा शब्द कायद्यात आहे. आदेश १८ ऑगस्टचा आणि मान्यता २७ ऑगस्टची असेल तर ती कार्योत्तर मान्यता झाली, आणि तिची तरतूद या कलमात नाही.

तक्रारीवरून होणाऱ्या बदलीसाठी सामान्य प्रशासन विभागाचे ११ फेब्रुवारी २०१५ चे परिपत्रक आहे. त्याचा ८ वा परिच्छेद या विषयातल्या प्रत्येक कर्मचाऱ्याने आणि प्रत्येक कक्ष अधिकाऱ्याने मुळातून वाचावा. सार असे: ३ वर्षे पुरी न झालेल्या माणसाविरुद्ध गैरवर्तनाची तक्रार आली तर केवळ तक्रारीवरून बदली करू नये. आधी वस्तुस्थिती जाणून घ्यावी, लागेल तिथे अहवाल मागवावा. तथ्य आढळले तर त्याच पदावर ठेवून शिस्तभंगाची कारवाई सुरू करायची का, ते ठरवावे. त्या पदावर ठेवणे योग्य नाही असे मत झाले तर त्याची कारणमीमांसा लिहून बदली वरिष्ठ प्राधिकाऱ्याकडे प्रस्तावित करावी. मान्यता मिळून बदली झाली तर त्यानंतर शिस्तभंगाची कारवाई सुरू होईल याची दक्षता घ्यावी. म्हणजे या परिच्छेदात चौकशी हा मूळ मार्ग आहे आणि बदली ही त्याला दिलेली जोड, तीही कारण सांगून. आपल्या नस्तीत हा क्रम उलटा लागला आहे: बदली झाली आणि चौकशीचा कागदही हललेला नाही.

शिस्तभंगाच्या बाजूने पाहिले तर महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधल्या नियम ५ मध्ये शिक्षांची यादी आहे: ठपका, वेतनवाढ रोखणे, वसुली, पदावनतीपासून बडतर्फीपर्यंत. त्या यादीत बदली नाही. जी शिक्षा यादीत नाही ती देता येत नाही, आणि यादीतली मोठी शिक्षा नियम ८ ची चौकशी केल्याशिवाय देता येत नाही. ‘शिक्षेऐवजी बदली’ हा प्रकार या दोन्ही दारांना वळसा घालतो, म्हणून न्यायालये त्यावर नाराज असतात.

पोलिसांचे गणित निराळे आहे. त्यांना २००५ च्या अधिनियमाची नव्हे, महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम २२-न ची फुटपट्टी लागते, आणि त्यात शिस्तभंगाची कार्यवाही सुरू असणे किंवा योजलेली असणे हेच मुदतपूर्व बदलीचे एक कारण म्हणून लिहिलेले आहे. पोलीस उपनिरीक्षकाच्या निकालावर कृषी अधिकाऱ्याचा अर्ज बेतला की पहिल्याच तारखेला पाय घसरतो.

न्यायालय कुठवर पाहते

बदली कुणाची कुठे करायची हे न्यायालय ठरवत नाही. शिल्पी बोस विरुद्ध बिहार राज्य (१९९१) आणि भारत सरकार विरुद्ध एस. एल. अब्बास (१९९३) या निकालांनी ही हद्द आखली: वैधानिक तरतुदीचा भंग, दुष्ट हेतू किंवा अधिकार नसलेल्याने काढलेला आदेश. एवढ्यातच हस्तक्षेप. मार्गदर्शक सूचना मोडली एवढ्याने आदेश रद्द होत नाही. महाराष्ट्रातला कर्मचारी इतर अनेक राज्यांतल्या कर्मचाऱ्यापेक्षा सुस्थितीत आहे तो एवढ्याचसाठी की इथे बदल्यांच्या अटी सूचनेत नाहीत, विधिमंडळाच्या कायद्यात आहेत. किशोर म्हस्के प्रकरणात (२०१३) मुंबई उच्च न्यायालयाने स्पष्ट केले की कलम ४(५) च्या अटी बंधनकारक आहेत आणि ‘प्रशासकीय कारणास्तव’ यासारखे मोघम शब्द म्हणजे त्या अटींचे पालन नव्हे.

चौकशीच्या छायेतल्या बदलीवर सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल परस्परविरोधी वाटतात, पण ते तसे नाहीत. जनार्दन देबनाथ प्रकरणात (२००४) त्रिपुरातल्या टपाल खात्याच्या कर्मचाऱ्यांवर वरिष्ठ महिला अधिकाऱ्याशी गैरवर्तन केल्याचा आरोप होता. त्यांच्या राज्याबाहेर बदल्या झाल्या. न्यायालयाने म्हटले, गैरवर्तन खरेच झाले का हे विभागीय चौकशीत ठरेल. बदलीसाठी त्या वेळच्या अहवालांवरून प्राधिकाऱ्याचे प्रथमदर्शनी समाधान पुरे. आधी चौकशी पूर्ण करा असा आग्रह धरला तर कार्यालयातली शिस्त राखण्यासाठी बदली करण्याचा हेतूच बारगळेल. उलट सोमेश तिवारी प्रकरणात (डिसेंबर २००८) केंद्रीय उत्पादन शुल्क खात्यातल्या अधिकाऱ्याविरुद्ध निनावी तक्रार आली, चौकशीत तीत तथ्य निघाले नाही, तरी त्याला भोपाळहून शिलाँगला पाठवले गेले. कारणच गैरलागू, म्हणून कायद्याच्या दृष्टीने दुष्ट हेतू. आणि शिक्षेच्या जागी केलेली बदली बेकायदा.

या दोघांच्या मधली रेघ अशी: बदली करताना समोर त्या वेळचा, तपासून पाहिलेला काही आधार होता का, आणि बदली त्या आधाराशी जुळणाऱ्या प्रशासकीय गरजेसाठी झाली का. अजयकुमार चौधरी प्रकरणात (२०१५) निलंबनाची मुदत बांधताना न्यायालयाने हेही म्हटले होते की संबंधिताचे स्थानिक लागेबांधे तुटावेत आणि तपासात अडथळा येऊ नये म्हणून शासन त्याला राज्यात किंवा राज्याबाहेर कुठल्याही कार्यालयात पाठवू शकते. तेव्हा ‘चौकशी चालू असताना बदली करताच येत नाही’ हा कर्मचाऱ्यांमध्ये फिरणारा समज चुकीचा आहे. करता येते. कशासाठी केली ते आधी लिहावे लागते.

पहिला अर्ज

कच्च्या मसुद्यात नऊ पाने निर्दोषत्वावर होती: ती ६ प्रकरणे कशी कृषी सहायकांच्या तपासणीवर मंजूर झाली, आपण रुजू होण्याआधीच पूर्वसंमती कशी दिली गेली होती, तक्रारदारांपैकी चौघे लाभार्थीच कसे नाहीत. माणसाला हेच सांगावेसे वाटते. पण ही नऊ पाने वाचून न्यायाधिकरण म्हणणार: हे विभागीय चौकशीत सांगा. शिवाय आरोपांवर शपथेवर दिलेले उत्तर पुढे त्या चौकशीत आपल्याच गळ्यात येऊ शकते. पक्क्या अर्जात ती दोन परिच्छेदांवर आली आणि जागा घेतली ती कलमवार अटींनी: कोणती अट, नस्तीत काय हवे, काय दिसत नाही.

अर्जदाराने एक गोष्ट वेळेवर केली. २३ ऑगस्टला तो नव्या जागी रुजू झाला, आणि रुजू अहवालात लिहिले: ‘बदली आदेशास आव्हान देण्याचा हक्क अबाधित ठेवून.’ गुजरात विद्युत मंडळ विरुद्ध आत्माराम पोशानी (१९८९) हा निकाल इथे आठवावा. बदलीला स्थगिती नसताना रुजू न होणाऱ्या त्या कर्मचाऱ्याची नोकरीच गेली आणि सर्वोच्च न्यायालयाने ते योग्य ठरवले. वैद्यकीय रजेचा अर्ज टाकून घरी बसणे हा लोकप्रिय उपाय आहे, पण त्यातून अनधिकृत गैरहजेरीचा नवा दोषारोप जन्माला येतो, आणि बदलीच्या खटल्यात अर्जदाराचे वर्तन हा सरकारी पक्षाचा पहिला मुद्दा होऊन बसतो.

२४ ऑगस्टला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या (‘मॅट’च्या) औरंगाबाद खंडपीठात मूळ अर्ज दाखल झाला. राज्य शासनाचा कर्मचारी थेट उच्च न्यायालयात जात नाही; १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर पहिली पायरी न्यायाधिकरण, त्यानंतर उच्च न्यायालयाचे दोन न्यायमूर्तींचे पीठ. (जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत, त्यांचा रस्ता उच्च न्यायालयाचा.) प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २० प्रमाणे आधी विभागाकडे दाद मागावी लागते, पण त्या कलमात ‘साधारणतः’ हा शब्द आहे आणि एकतर्फी कार्यमुक्तीच्या बदलीत तो उपयोगी पडतो. तरीही २० ऑगस्टचे एक पानी निवेदन अर्जाला जोडलेले होते. एका पानाच्या निवेदनाने नुकसान होत नाही आणि प्राथमिक आक्षेप टळतो.

प्रतिवादी तीन: विभागाचे सचिव, कृषी आयुक्त, आणि जागेवर आलेला अधिकारी. तिसऱ्याला वगळले तर मागणीच अडकते, कारण अर्ज मान्य झाला की त्याला उठावे लागणार. ज्याला ऐकले नाही त्याला कुणी उठवत नाही. लोकप्रतिनिधीला प्रतिवादी करायचे का यावर बराच खल झाला. व्यक्तिगत आकस सिद्ध करायचा असेल तर त्या व्यक्तीला नावाने पक्षकार करावेच लागते, आणि रोयप्पा प्रकरणापासून (१९७४) पुराव्याचे ओझे फार जड आहे. अर्जदाराने तो मार्ग सोडला आणि फक्त कायद्याच्या दृष्टीने दुष्ट हेतूवर भर दिला; त्यासाठी कुणाचे मन उघडून दाखवावे लागत नाही, नस्ती पुरते. लोकप्रतिनिधीची शिफारस होती एवढ्याने बदली बेकायदा ठरत नाही, हे मोहम्मद मसूद अहमद (२००७) आणि पुबी लोंबी (२०२४) या निकालांनी सांगितलेच आहे. लोकप्रतिनिधीने तक्रार पोचवणे हे त्याचे कामच आहे. प्राधिकाऱ्याने स्वतःचे डोके वापरले का, एवढाच प्रश्न उरतो.

अंतरिम स्थगिती मिळाली नाही. नवा अधिकारी कार्यभार घेऊन बसला होता आणि अर्जदार दुसरीकडे रुजू झाला होता. एका दिवसात एकतर्फी कार्यमुक्ती करण्यामागे बहुतेक वेळा हाच हिशेब असतो. खंडपीठाने मूळ नस्ती सादर करण्याचा आदेश दिला आणि लवकरची तारीख दिली. अर्जातली सर्वांत महत्त्वाची प्रार्थना हीच होती. माहिती अधिकाराच्या ३० दिवसांची वाट पाहत बसले असते तर २८ जूनचा विनंती अर्ज आणि २७ ऑगस्टची सही वेळेत समोर आली नसती.

शपथपत्राचा फास

१५ सप्टेंबरला शासनाचे शपथपत्र आले, आणि प्रकरणाचा निकाल खरे तर तिथेच लागला. चौथ्या परिच्छेदात लिहिले होते की बदली निव्वळ प्रशासकीय आहे, तक्रारीशी तिचा संबंध नाही. नवव्या परिच्छेदात लिहिले होते की अर्जदाराने ठिबक अनुदानात गंभीर अनियमितता केल्याने त्याला त्या पदावर ठेवणे लोकहिताचे नव्हते.

इकडे आड, तिकडे विहीर. चौथा परिच्छेद खरा धरला तर साडेचौदा महिन्यांत बदली करण्याचे विशेष कारण काय, हे सांगायला काहीच उरत नाही. नववा खरा धरला तर दोषी ठरवूनच बदली केली, चौकशी न करता. सोमेश तिवारी निकालाची वाट मोकळी झाली. विभागाच्या बाजूने काम करणाऱ्यांची ही हमखास होणारी चूक आहे: आदेश वाचवण्यासाठी शपथपत्रात माणसाला जितके काळे रंगवावे, तितकी बदली शिक्षेसारखी दिसू लागते.

आणि दोन्ही परिच्छेदांतली कारणे टिपणीत नव्हतीच. आदेशाची वैधता आदेश निघाला त्या वेळच्या कारणांवर ठरते, नंतरच्या शपथपत्राने तिला टेकू देता येत नाही, हे मोहिंदरसिंग गिल प्रकरणापासून (१९७७) पक्के आहे. २० सप्टेंबरला विभागाने घाईने नियम ८ खाली दोषारोपपत्र बजावले आणि ते अतिरिक्त शपथपत्रासोबत जोडले. त्याचाही उपयोग झाला नाही. अर्ज दाखल झाल्यावर निघालेले दोषारोपपत्र १८ ऑगस्टच्या आदेशाचे कारण कसे असेल?

३० ऑक्टोबरला बदली आदेश रद्द झाला. कारणे तीन: मुख्यमंत्र्यांची पूर्वमान्यता नाही, लेखी विशेष कारण नाही, ८ व्या परिच्छेदाप्रमाणे पदावर ठेवावे की नाही याचा विचारच नस्तीत नाही. २८ जूनच्या विनंती अर्जावर खंडपीठाने दोन वाक्ये लिहिली: तक्रारीआधीच जागा मागितली गेली होती, आणि टिपणीत या योगायोगाचा खुलासा नाही. दोषारोपपत्राला मात्र हात लावला नाही. विभागीय चौकशी चालू राहील आणि गरज वाटल्यास शासनाला कायद्याप्रमाणे नव्याने निर्णय घेता येईल, अशी मुभा ठेवली.

अर्जदार ३ नोव्हेंबरला जुन्या पदावर परतला. कार्यालयात पेढे वाटले गेले. निकालातली शेवटची ओळ बहुधा कुणी वाचली नव्हती.

दुसरा आदेश

१२ डिसेंबरला पुन्हा बदली झाली. तोच अधिकारी, तीच ६ प्रकरणे. या वेळी नस्ती वेगळी होती.

जिल्हा अधीक्षक कृषी अधिकाऱ्याचा नवा अहवाल २१ नोव्हेंबरचा. त्यात दोषाबद्दल काही नव्हते, अडचणीबद्दल होते. दोषारोपपत्राच्या साक्षीदारांच्या जोडपत्रात ५ कृषी सहायक आणि १ पर्यवेक्षक आहेत; सहाही जण अर्जदाराच्या हाताखाली काम करतात; त्यांच्या दौरा दैनंदिन्या, रजा आणि प्रवासभत्त्याची देयके तोच मंजूर करतो; दोघांनी लेखी कळवले आहे की साहेब खुर्चीवर असताना जबाब देणे अवघड आहे. मूळ प्रकरणे त्याच्याच कार्यालयात, त्याच्याच ताब्यात आहेत. नागरी सेवा मंडळाची बैठक २८ नोव्हेंबरला झाली. इतिवृत्तात नोंद होती की पदावर ठेवून चौकशी करण्याचा पर्याय विचारात घेतला आणि वरील कारणांनी तो योग्य वाटला नाही. सचिवांचा अभिप्राय १ डिसेंबर, मंत्र्यांची मान्यता ४ डिसेंबर, मुख्यमंत्र्यांची ९ डिसेंबर, आदेश १२ डिसेंबर. पदस्थापना शेजारच्या जिल्ह्यात, त्याच वेतनस्तरावर. जागेवर आणलेला अधिकारी तिसराच. जूनमध्ये अर्ज करणारा नाही.

टिपणीतला कळीचा परिच्छेद सात ओळींचा होता. त्यात ‘भ्रष्ट’, ‘गैरव्यवहार’, ‘दोषी’ यांपैकी एकही शब्द नव्हता. आदेशात तर ‘विभागीय चौकशी निःपक्षपातीपणे पूर्ण व्हावी यासाठी’ एवढेच होते. असे लिहायला फार हुशारी लागत नाही. पण पहिल्यांदा ते कुणी लिहिले नाही, कारण पहिल्यांदा बदलीचा उद्देशच चौकशी हा नव्हता. खुर्ची रिकामी करणे हा होता. टिपणी लिहिणाऱ्या कक्ष अधिकाऱ्याला खोटे कारण सुचले नाही, हे एका परीने त्याच्या प्रामाणिकपणाचेच लक्षण.

अर्जदाराने पुन्हा मूळ अर्ज केला. मुद्दे: पहिल्या निकालाला बगल दिली आहे, एकाच आरोपासाठी दोनदा शिक्षा आहे, मुले शाळेत आहेत, शैक्षणिक वर्षाच्या मध्ये हलवले आहे. पहिला मुद्दा मुभेच्या ओळीवर संपला. दुसऱ्यावर खंडपीठाने जनार्दन देबनाथचा आधार घेतला: आरोप खरा की खोटा यावर आदेशात मत नाही, ठपका नाही, वेतनाचे नुकसान नाही; मग शिक्षा कुठली? तिसरा मुद्दा माणुसकीचा आहे, पण तो ऐकायचा अधिकार प्राधिकाऱ्याला आहे, न्यायाधिकरणाला नाही. अर्ज दाखलपूर्व सुनावणीतच फेटाळला गेला.

दुसऱ्या वेळी जिंकण्याची एक वाट अर्जदाराच्या हातात होती आणि ती निसटली. नोव्हेंबरमध्ये परत रुजू झाल्यावर त्याने स्वतःच लेखी कळवायला हवे होते की चौकशी संपेपर्यंत या ६ जणांची देयके, रजा आणि गोपनीय अहवाल यांचे अधिकार दुसऱ्या अधिकाऱ्याकडे द्यावेत, आणि ४० प्रकरणे सीलबंद करून जिल्हा कार्यालयात हलवावीत. अहवालातली अडचण बदलीशिवाय सुटू शकते, असा कागद नस्तीत आला असता तर मंडळाला त्यावर काहीतरी लिहावे लागले असते. त्याऐवजी त्याने त्या काळात दोघा साक्षीदारांना विलंबाबद्दल कारणे दाखवा नोटिसा दिल्या. विलंब खराही असेल. पण दुसऱ्या नस्तीतला सर्वांत वजनदार कागद त्याने स्वतःच्या सहीने पुरवला.

मागे राहिलेले हिशेब

ऑगस्ट ते ऑक्टोबरच्या वेतनाचा प्रश्न आला नाही, कारण तो २३ ऑगस्टलाच रुजू झाला होता. अंतिम वेतन प्रमाणपत्र दोनदा फिरले आणि एक वेतन उशिरा निघाले, इतकेच. रुजू झाला नसता तर हा काळ कसा नियमित करायचा यावर वेगळा पत्रव्यवहार सुरू झाला असता, आणि तो बदलीच्या खटल्यापेक्षा लांबतो.

विभागीय चौकशीच्या बचावाची कागदपत्रे आता जुन्या कार्यालयात आहेत, आणि तिथे तो परका आहे. दोषारोपपत्रातल्या जोडपत्रात नमूद कागद पाहण्याचा हक्क नियम ८ देतो. त्याबाहेरचे कागद चौकशी अधिकाऱ्याकडे मागावे लागतात, तेही कोणता कागद, कुणाच्या ताब्यात आणि बचावाशी त्याचा संबंध काय हे सांगून. ‘ठिबक सिंचनाची सर्व प्रकरणे’ अशी मागणी फेटाळली जाते. अर्जदाराने पहिल्या बदलीनंतर शहाणपण घेतले होते. १३ डिसेंबरला कार्यभार सोपवताना त्याने मोका तपासणीच्या नोंदवह्या, पूर्वसंमतीची पत्रे आणि कृषी सहायकांचे तपासणी अहवाल यांची जावक क्रमांकांसह चार पानी यादी केली, कार्यभार अहवालाला जोडली आणि घेणाऱ्याची पोच घेतली. मूळ कागद किंवा त्यांच्या प्रती घरी नेल्या नाहीत; तसे केले असते तर तो नवा दोषारोप झाला असता. चौकशीच्या पहिल्या तारखेला त्याने मागितलेले सगळे कागद त्या यादीतल्या क्रमांकांनी मागितले.